‘साफ करा’ : टॅबलेटच्या एका पानाचे परीक्षण

पुस्तकाचे परीक्षण होते, नाटकाचे होते, शाळेत आलेल्या नव्या प्रयोगपेटीचेही होते. परंतु जो मजकूर आज अनेक शिक्षकांना वारंवार वाचावा लागतो आणि ज्याच्यावर विसंबून निर्णय घ्यावे लागतात, त्याचे परीक्षण सहसा कोणी करत नाही. हा मजकूर म्हणजे टॅबलेटच्या ‘सेटिंग्ज’मधील ‘स्टोरेज’ हे पान. ‘जागा अपुरी आहे’ अशी सूचना झळकली की आपण या पानाकडे वळतो. ते सांगेल ते खरे मानतो आणि ते सुचवील ते पुसून टाकतो. हे पान विश्वासाला कितपत पात्र आहे, याची तपासणी करण्याचे आम्ही ठरवले. त्याला एक निमित्त घडले.

आमच्या परिचयाच्या एक शिक्षिका ग्रामीण भागातील शाळेत सातवीचा वर्ग शिकवतात. पावसाळ्यात त्यांच्या मुलांनी एक प्रकल्प केला. गावातील वृद्ध माणसांकडून रानभाज्यांची नावे, त्या कधी उगवतात, कशा ओळखायच्या आणि विषारी वनस्पतींपासून त्या वेगळ्या कशा काढायच्या, ही माहिती मुलांनी शाळेच्या टॅबलेटवर आवाजात नोंदवून घेतली. चार महिन्यांत चांगला संग्रह झाला. एके दिवशी टॅबलेट भरला. बाईंनी कोणाच्या तरी सांगण्यावरून ध्वनिमुद्रणाच्या ॲपचे पान उघडले. तेथे शेजारी शेजारी दोन बटणे होती. ‘स्टोरेज साफ करा’ आणि ‘कॅशे साफ करा’. बाईंनी पहिले दाबले. एक प्रश्न विचारला गेला, त्यांनी ‘ठीक आहे’ म्हटले आणि सर्व मुद्रणे नाहीशी झाली. ज्या आजींनी सर्वांत अधिक भाज्या सांगितल्या होत्या, त्या दिवाळीनंतर वारल्या होत्या.

‘चूक माझीच, मी नीट वाचले नाही,’ असे बाई म्हणाल्या. आम्हांला हे पुरते पटले नाही. मुलाने प्रश्न चुकीचा सोडवला तर आधी प्रश्नाची भाषा तपासावी, हा नियम आपण परीक्षकांना शिकवतो. तोच येथे लावून पाहू.

हिशेब जुळतो, पण कसा?

बाईंचा टॅबलेट ३२ जीबीचा. त्याच्या पानावरील आकडे आम्ही उतरवून घेतले. ॲप ९.४, चित्रे व चलचित्रे ६.१, ध्वनी ०.७, कागदपत्रे व इतर १.३, सिस्टीम १२.६ आणि मोकळी जागा १.९. बेरीज करा, बरोबर ३२ येते. हिशेब इतका चोख जुळलेला पाहून शिक्षकाला आनंद व्हावा. पण प्रयोगवहीत सर्व वाचने तंतोतंत जुळली की अनुभवी शिक्षक थोडा थांबतो. येथेही थांबावयास हवे.

अँड्रॉइड या प्रणालीची आज्ञावली खुली आहे, ती कोणालाही वाचता येते. तिच्या अनेक आवृत्त्यांत ‘सिस्टीम’ ही ओळ प्रत्यक्ष मोजून काढलेली नाही, ती वजाबाकीने काढलेली आहे. एकूण जागा म्हणून खोक्यावरील गोल आकडा धरायचा, त्यातून मोकळी जागा आणि ओळखता आलेले सर्व प्रकार वजा करायचे, आणि उरेल त्याला ‘सिस्टीम’ म्हणायचे. घरखर्चाच्या वहीत महिनाअखेर पैसे जुळले नाहीत की आपण ‘किरकोळ’ म्हणून एक ओळ लिहितो, त्यातलाच हा प्रकार. म्हणून या १२.६ मध्ये खरोखरीची प्रणाली किती, कारखान्यातून आलेली ॲप किती आणि कोणत्याच रकान्यात न बसलेल्या फाइली किती, हे पानावरून कळत नाही. पाच भागांपैकी जवळजवळ दोन भाग जागा ज्या ओळीत आहे, तीच ओळ सर्वांत कमी बोलते. हा या पानाचा पहिला दोष.

जागेच्या आकड्याबाबत आणखी एक जुना घोळ आहे. उत्पादक ‘जीबी’ म्हणजे १०० कोटी बाइट धरतात. संगणकाच्या जगात मात्र दोनाच्या घातांनी मोजण्याची पद्धत रुळली होती. त्या मापाने एक एकक म्हणजे दोनाचा तिसावा घात, अर्थात १,०७,३७,४१,८२४ बाइट. ३२ जीबी या दुसऱ्या मापाने मोजले तर २९.८ भरतात आणि ६४ जीबी ५९.६ भरतात. हा गोंधळ मिटावा म्हणून आंतरराष्ट्रीय विद्युततांत्रिक आयोगाने १९९८ साली मोठ्या मापाला ‘गिबिबाइट’ असे वेगळे नाव दिले, पण ते व्यवहारात फारसे शिरले नाही. अँड्रॉइडने २०१७ च्या आठव्या आवृत्तीपासून दशमान माप स्वीकारले. त्यामुळे जुना टॅबलेट आणि नवा टॅबलेट एकच फाइल वेगवेगळ्या आकड्याने दाखवू शकतात. फाइल लहानमोठी झालेली नसते, फूटपट्टी बदललेली असते. आठवीच्या घातांकाच्या पाठाला याहून चांगले उदाहरण मिळणे कठीण.

खोक्यावरील आकडा आणि हाती येणारी जागा यांतील तफावतीची तक्रार काही आपल्याकडचीच नाही. २०१३ साली मायक्रोसॉफ्टचा सरफेस प्रो हा टॅबलेट बाजारात येताना, त्याच्या ६४ जीबीच्या नमुन्यात ग्राहकाला सुमारे २३ जीबी मोकळे मिळतील असे कंपनीनेच सांगितले होते. त्यावर बरीच टीका झाली. धान्याच्या पोत्यावर निव्वळ वजन लिहावे लागते. टॅबलेटच्या खोक्यावर निव्वळ जागा ठळकपणे का लिहू नये, हा प्रश्न आम्हांला रास्त वाटतो. शाळांसाठी खरेदी करणाऱ्यांनी तर तो अवश्य विचारावा.

नको असलेली ॲप : तीन जाती

जागा करण्याचा पहिला उपाय म्हणून नको असलेली ॲप काढा, असे सांगितले जाते. पण सर्व ॲप एका जातीची नसतात आणि पान हा फरक स्पष्ट करत नाही.

पहिली जात आपण स्वतः घेतलेल्या ॲपची. त्यांच्यापुढे ‘अनइंस्टॉल करा’ असे बटण असते. ती दाबली की ॲप जाते आणि त्याची जागा खरोखर मोकळी होते. दुसरी जात कारखान्यातून आलेल्या, परंतु आपल्याच विभागात ठेवलेल्या ॲपची. काही खेळ, खरेदीची दुकाने, बातम्या असा हा माल असतो. त्यांच्यापुढेही अनइंस्टॉलचे बटण असते, म्हणून ती निःशंकपणे काढावीत.

तिसरी जात महत्त्वाची. टॅबलेटची साठवण कारखान्यातच निरनिराळ्या विभागांत वाटलेली असते. प्रणालीचा विभाग केवळ वाचण्यासाठी असतो, त्यात वापरणाऱ्याला काही लिहिता किंवा पुसता येत नाही. या विभागात ठेवलेल्या ॲपपुढे ‘अनइंस्टॉल’ऐवजी ‘बंद करा’ किंवा ‘अक्षम करा’ असे बटण दिसते. ते दाबल्याने ॲप नजरेआड होते, त्याचे चालणे थांबते, परंतु त्याची मूळ प्रत जागच्या जागी राहते. भाडेकरूने घरमालकाच्या कपाटाला कुलूप लावले म्हणून त्याची खोली मोठी होत नाही, तसेच हे आहे.

मग बंद करून काहीच मिळत नाही काय? मिळते, आणि त्याचे कारण समजून घेण्यासारखे आहे. प्रणालीचा विभाग लिहिता येत नसल्यामुळे अशा ॲपची सुधारित आवृत्ती आली की ती आपल्या विभागात उतरते. म्हणजे एकाच ॲपच्या दोन प्रती होतात, जुनी कारखान्याच्या विभागात आणि नवी आपल्या जागेत. ‘अपडेट अनइंस्टॉल करा’ असा पर्याय वापरून नंतर ॲप बंद केले तर ही दुसरी प्रत आणि तिने साठवलेली माहिती एवढी जागा परत मिळते. आम्ही बाईंच्या टॅबलेटवर कधीही न वापरलेल्या काही ॲपबाबत हे केले, तेव्हा एक जीबीहून थोडी अधिक जागा निघाली. मात्र ज्या ॲपचा उपयोग ठाऊक नाही त्याला हात लावू नये. प्रणालीची काही अंगे इतर ॲपना आधार देत असतात, आणि जी ॲप वापरात आहेत त्यांच्या सुधारणा काढून टाकणे सुरक्षिततेच्या दृष्टीनेही योग्य नाही.

कारखान्यातून आलेली ॲप काढता यावीत की नाही, हा आता केवळ सोयीचा प्रश्न राहिलेला नाही. भारताच्या स्पर्धा आयोगाने ऑक्टोबर २०२२ मध्ये गुगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड केला. ॲपचा पूर्ण संच आधीच बसवण्याची सक्ती हा त्यातील एक मुख्य मुद्दा होता, आणि ती ॲप काढण्यास वापरणाऱ्याला अडवू नये असेही आयोगाने बजावले होते. मार्च २०२३ मध्ये राष्ट्रीय कंपनी कायदा अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला, पण ॲप काढू देण्याविषयीचा तो आदेश रद्द केला. प्रकरण पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले. युरोपीय संघात डिजिटल बाजारपेठांच्या कायद्याने मार्च २०२४ पासून बड्या कंपन्यांवर असे बंधन घातले आहे की, प्रणालीच्या कामाला अत्यावश्यक असलेली सोडून बाकीची आधीच बसवलेली ॲप वापरणाऱ्याला सहज काढता आली पाहिजेत. ज्या गोष्टीसाठी आपण स्वतःला अडाणी समजतो, तिच्यावर न्यायालयांत वाद चालले आहेत, हे शिक्षकांनी ध्यानात ठेवावे.

एकच क्रियापद, दोन अर्थ

आता त्या दोन बटणांकडे येऊ. कोणत्याही ॲपने व्यापलेली जागा तीन भागांची असते. एक, खुद्द ॲप. दोन, त्याने जपून ठेवलेली माहिती, म्हणजे आपली मुद्रणे, टिपणे, खाती, गुण. तीन, ‘कॅशे’, म्हणजे पुन्हा पुन्हा लागणाऱ्या चित्रांची व मजकुराची तात्पुरती प्रत. तिसरा भाग पुसला तर काही बिघडत नाही, ॲप तो पुन्हा उतरवून घेते. दुसरा भाग पुसला तर तो बहुधा कायमचा जातो.

या दोन अगदी भिन्न क्रियांना पान एकच क्रियापद देते, ‘साफ करा’. मराठीत साफ करणे म्हणजे धूळ झाडणे, भांडे घासणे. वस्तू राहते, मळ जातो. या अर्थाने ‘कॅशे साफ करा’ हे चालण्यासारखे आहे. पण ‘स्टोरेज साफ करा’ म्हणजे भांड्यातले अन्नच काय, भांडे सोडून सर्व काही फेकून देणे. फळा साफ करणे आणि मुलांच्या वह्या जाळणे यांना एकच शब्द वापरावा, असा हा प्रकार आहे. तेथे ‘या ॲपची सर्व माहिती नष्ट करा’ असे लिहिण्यास कोणती अडचण होती? शब्दयोजना कंपनीनुसार आणि आवृत्तीनुसार थोडी बदलते, परंतु घोटाळा सर्वत्र सारखाच आहे, कारण तो मूळ इंग्रजी शब्दातच आहे. भाषांतर करणाऱ्यांनी तो जसाच्या तसा मराठीत आणून ठेवला.

बटण दाबल्यावर इशारा मिळतो, हे मान्य केले पाहिजे. ॲपचा सर्व डेटा कायमचा हटवला जाईल, असे तो सांगतो. पण तो प्रत्येक ॲपसाठी एकच आहे. गणकयंत्राच्या ॲपला जो इशारा, तोच चार महिन्यांच्या मुद्रणांना. नेहमी सारख्याच शब्दांत येणारा इशारा माणसे पुढे पुढे वाचेनाशी होतात. रोज वाजणाऱ्या घंटेने आग लागल्याचे कसे कळणार? नष्ट होणाऱ्या माहितीचा आकार त्याच पानावर लिहिलेला असतो. तोच आकडा इशाऱ्यात घेतला असता तरी बाई बहुधा थांबल्या असत्या.

या पानाची चांगली बाजूही सांगितली पाहिजे. ॲप, चित्रे, ध्वनी अशी वर्गवारी उपयोगी आहे. प्रत्येक ॲपची तीन भागांतील फोड उपलब्ध आहे, फक्त ती दोन पायऱ्या आत लपलेली आहे. आठव्या आवृत्तीपासून प्रणाली प्रत्येक ॲपला कॅशेची मर्यादा ठरवून देते आणि जागा कमी पडली की जास्त घेणाऱ्यांची कॅशे स्वतःच काढते. म्हणजे रोज उठून कॅशे साफ करण्याचा जो सल्ला दिला जातो, तो बव्हंशी निरुपयोगी आहे. उलट तीच चित्रे पुन्हा उतरल्याने इंटरनेटचा खर्च मात्र वाढतो. २०२३ पासून ॲप ‘संग्रहित’ करण्याची, म्हणजे ॲप काढून त्याची माहिती जपून ठेवण्याची सोयही आली आहे. ती स्वागतार्ह आहे.

‘न वापरलेली ॲप’ ही यादी मात्र सावधपणे वाचावी. वापर नाही म्हणजे उपयोग नाही, असे यंत्र समजते. पाठ्यपुस्तकातील क्यूआर संकेत उघडणारे ‘दीक्षा’ ॲप सुट्टीत पडून असते, आणि एखादा खेळ घरातील धाकटा रोज उघडतो. यादीच्या मते दीक्षा नकोसे आणि खेळ हवासा. नको काय हे ठरवण्याचे काम यंत्रावर सोपवता येत नाही, ते आपलेच आहे.

जागा साफ करून देतो असे सांगणाऱ्या निराळ्या ॲपविषयी एवढेच सांगतो की, एका ॲपला दुसऱ्याच्या खासगी कप्प्यात शिरता येऊ नये, ही अँड्रॉइडची मूळ सुरक्षारचना आहे. त्यामुळे ही ॲप फार थोडे करू शकतात, स्वतः जागा अडवतात आणि बहुधा जाहिराती दाखवतात. ती घेऊ नयेत.

मोकळी जागा हवी कशाला?

टॅबलेट भरत आला की मंद का होतो, हे विद्यार्थी विचारतात. याचे उत्तर साठवणीच्या पदार्थविज्ञानात आहे. टॅबलेटमध्ये ‘फ्लॅश’ स्मृती असते. जपानच्या तोशिबा कंपनीतील फुजिओ मासुओका यांनी १९८४ साली ती जगापुढे मांडली. तिच्यात विद्युतभार अडकवून ठेवून माहिती साठवतात. लिहिणे लहान पानांत होते, पण पुसणे मात्र पुष्कळ पानांच्या पूर्ण गटाचेच करावे लागते, आणि लिहिलेल्यावर पुन्हा थेट लिहिता येत नाही. अशी पाटी कल्पा की जिच्यावर एकेक ओळ लिहिता येते, पण पुसताना संपूर्ण पाटीच पुसावी लागते. एक ओळ बदलायची तर बाकीच्या ओळी दुसऱ्या कोऱ्या पाटीवर उतरवून मगच पहिली पुसायची. कोऱ्या पाट्या भरपूर असतील तर हे काम झटपट होते. एखादीच उरली असेल तर उतरवाउतरवीतच वेळ जातो. शिवाय प्रत्येक पुसण्याने स्मृती थोडी झिजते. म्हणून साधारण दशांश जागा मोकळी ठेवावी, असा नियम आम्ही पाळतो.

कोणत्या क्रमाने जावे?

पुसण्याआधी प्रत काढा. मुलांचे काम पेनड्राइव्हवर किंवा शाळेच्या संगणकावर उतरवा आणि ते तेथे उघडते का, हे पाहा. त्यानंतर आलेली चित्रे व चलचित्रे तपासा. भारतीयांच्या ‘सुप्रभात’ संदेशांनी फोन भरून जातात, ही बातमी जानेवारी २०१८ मध्ये अमेरिकेच्या वॉल स्ट्रीट जर्नलपर्यंत पोहोचली होती. व्हॉट्सॲपच्या सेटिंग्जमध्ये साठवण हाताळण्याचे पान आहे, ते मोठ्या आणि अनेकदा पुढे पाठवलेल्या फाइली वेगळ्या दाखवते. चित्रे आपोआप उतरणेही तेथेच बंद करता येते. मग उतरवून ठेवलेले जुने पाठ त्या त्या ॲपमधूनच काढा. त्यानंतर आपण घेतलेली नको असलेली ॲप, आणि सर्वांत शेवटी कारखान्यातून आलेल्या ॲपच्या सुधारित प्रती. ‘स्टोरेज साफ करा’ हे बटण या क्रमात कोठेही नाही, हे लक्षात आलेच असेल.

वर्गात एक हिशेब करून पाहावा. चांगल्या प्रतीचे चलचित्र सेकंदाला सुमारे १७० लाख बिट घेते, म्हणजे मिनिटाला सुमारे १२७ मेगाबाइट. बोलण्याचे मुद्रण सेकंदाला ६४ हजार बिटांत समाधानकारक होते, म्हणजे मिनिटाला अर्ध्या मेगाबाइटहून कमी. एका मिनिटाच्या चलचित्राच्या जागेत सुमारे साडेचार तास बोलणे मावते. देवनागरीचे एक अक्षरचिन्ह ३ बाइट घेते. पानाला १,५०० चिन्हे धरली तर २०० पानी पुस्तकाचा निव्वळ मजकूर ९ लाख बाइट होतो. म्हणजे त्याच एका मिनिटात सुमारे १४० पुस्तके बसतील. जागा कशाने भरते, हे मुलांना आकड्यांनीच कळू द्यावे.

बाईंच्या टॅबलेटवर आम्ही वरील क्रमाने गेलो, तेव्हा मोकळी जागा १.९ वरून ७ जीबीच्या पुढे गेली. त्यातील निम्म्याहून अधिक भाग शुभेच्छांच्या चित्रांचा आणि चलचित्रांचा होता. मुलांच्या सर्व मुद्रणांची ध्वनीच्या रकान्यातील जागा पुरती एक जीबीही नव्हती. म्हणजे जे गेले, ते घालवण्याची मुळात गरजच नव्हती.

मुलांनी यंदा पुन्हा घरोघर जाऊन माहिती नोंदवावयास सुरुवात केली आहे. प्रत्येक शनिवारी दोन मुले ती संगणकावर उतरवतात आणि वहीत भाज्यांची नावे लिहून ठेवतात. त्या आजींनी सांगितलेली काही नावे मुलांना आठवली, काही आठवली नाहीत.